पोसायडन: पाण्याचा देव की हलणाऱ्या जमिनीचा?

पंचगंगाकाठ

कोल्हापूरच्या टाउन हॉल म्युझियममध्ये काचेआड एक काशाची मूर्ती आहे. उंची वीतभरही नाही. मी चौथीत असताना वडिलांनी ती मला पहिल्यांदा दाखवली आणि म्हणाले, "हा पोसायडन. ग्रीकांचा वरुण." पंचगंगेच्या काठच्या ब्रह्मपुरीच्या टेकाडावर १९४४-४५ मध्ये खोदकाम झालं, तेव्हा काशाच्या भांड्याकुंड्यांच्या साठ्यात ती मिळाली. सातवाहनांच्या काळात रोमन साम्राज्याशी आपला व्यापार जोरात होता. सोपारा, कल्याण, भडोच इथे उतरलेला माल घाट चढून पैठण-तेरपर्यंत जात होता. तसाच कुठल्याशा गलबतातून हा देवही आला आणि सह्याद्री ओलांडून आमच्या गावात पोचला.

"ग्रीकांचा वरुण" हे शब्द डोक्यात पक्के बसले होते. गेली दोन-तीन वर्षं होमर, हिरोडोटस, पॉसेनियस हे जुने ग्रीक लेखक भाषांतरांतून सावकाश वाचतोय आणि ते शब्द मला अपुरे वाटायला लागलेत. म्हणून हा धागा काढतोय.

सगळ्यांना माहीत असलेली गोष्ट अशी: क्रोनसच्या तीन मुलांनी चिठ्ठ्या टाकून जग वाटून घेतलं. झ्यूसला आकाश, हेडीसला पाताळ, पोसायडनला समुद्र. होमरच्या 'इलियड' या महाकाव्याच्या पंधराव्या सर्गात पोसायडन स्वतःच हे सांगतो. पण तो पुढे म्हणतो ते बहुतेक पुस्तकांत गळतं. तो म्हणतो, पृथ्वी आणि ऑलिंपस पर्वत तिघांच्या सामाइकात राहिले, तेव्हा झ्यूसने मला हुकूम सोडायचे नाहीत. भावाभावांच्या वाटणीत विहीर सामाइक ठेवतात आणि पुढे भांडण नेमकं विहिरीवरून होतं, तसा हा सूर आहे.

आणि या सामाइक जमिनीवर पोसायडनचा जोर सगळ्यात जास्त चालतो. होमर त्याला वारंवार ज्या नावांनी हाक मारतो ती बघा: एनोसिख्थोन आणि एनोसिगाइओस, म्हणजे जमीन हादरवणारा. गाइएओखोस, म्हणजे जमीन धरून ठेवणारा. विसाव्या सर्गात देव आपसात लढायला उतरतात. पोसायडन जमीन अशी हलवतो की इडा पर्वत मुळापासून डोलतो, ट्रॉय शहर आणि ग्रीकांची जहाजं थरथरतात, आणि खाली पाताळात हेडीस घाबरून सिंहासनावरून उडी मारतो. त्याला भीती ही, की जमीन फाटून आपली ती बुरसटलेली, अंधारी घरं वर सगळ्यांना दिसतील. मेलेल्यांचा राजा भूकंपाला भितो! हे वाचलं त्या रात्री मी पुस्तक मिटून बराच वेळ नुसता बसून होतो.

नावातही जमीनच असावी, असं काही अभ्यासक मानतात. ग्रीक 'पोसिस' म्हणजे नवरा. हा शब्द आणि आपला संस्कृत 'पति' सख्खे भाऊ आहेत. नावाच्या पुढच्या भागात पृथ्वी आहे, म्हणजे पोसायडन हा पृथ्वीचा पती, अशी ती फोड. दुसऱ्या भागावर एकमत नाही, पण पहिला भाग पुष्कळांना पटतो.

होमरच्याही मागे जाता येतं. ग्रीसच्या नैर्ऋत्य टोकाला पायलॉसचा राजवाडा होता. इ.स.पू. १२०० च्या आसपास तो जळाला आणि त्या आगीत मातीच्या कच्च्या पाट्या भाजून टिकल्या. १९३९ मध्ये त्या सापडल्या, १९५२ मध्ये मायकल व्हेंट्रिसने ती लिपी उलगडली. पाट्यांवर हिशेब आहेत: कुणी किती गहू, मध, चीज, दारू, कुठला बैल कुठल्या देवाला दिला. तिथे पोसायडन आहे आणि त्याचा मान फार मोठा आहे. क्रीटमधल्या क्नोसॉसच्या पाट्यांवरही जमीन हलवणाऱ्याच्या नावाशी जुळणारं एक नाव सापडतं. आता होमरच्या दुसऱ्या महाकाव्याचा, ओडिसीचा, तिसरा सर्ग काढा. तरुण टेलिमेकस बापाचा शोध घेत पायलॉसला पोचतो, तेव्हा किनाऱ्यावर लोक नऊ रांगांनी बसलेत, एकेका रांगेत पाचशे माणसं, प्रत्येक रांगेचे नऊ काळे बैल, आणि नैवेद्य पोसायडनला. राजवाडा जळून काही शतकं उलटल्यावर गायलेल्या काव्यात पायलॉसचा देव बरोबर तोच राहिला.

आता हेलिकीबद्दल. खरं तर तिच्यासाठीच लिहायला बसलो.

कोरिंथच्या आखाताच्या दक्षिण किनाऱ्यावर, समुद्रापासून साधारण दोन किलोमीटर आत हेलिकी नावाचं शहर होतं. ग्रामदैवत पोसायडन. इतकं जुनं ठाणं, की पूर्वी तिथून समुद्रापार आशिया मायनरला गेलेले आयोनियन लोक तिकडेही 'हेलिकीचा पोसायडन' म्हणूनच त्याला पूजत. एका साली त्या आयोनियनांनी माणसं पाठवून मागणी केली, मूर्ती द्या, ती नाही तर निदान देवळाचा नमुना तरी घेऊ द्या. हेलिकीकरांनी नकार दिला. त्या भागातल्या शहरांच्या अकाइयन संघाने "द्या" असा ठराव केला, तरी दिलं नाही. पुढच्याच हिवाळ्यात, इ.स.पू. ३७३ मध्ये, रात्री भूकंप झाला आणि पाठोपाठ समुद्र आत आला. सकाळी शहर नव्हतं. संघाने दोन हजार माणसं पाठवली, त्यांना प्रेतंसुद्धा काढता आली नाहीत. बंदरात नांगरलेली स्पार्टाची दहा जहाजंही गेली.

शंभरावर वर्षांनी एराटोस्थेनीस, म्हणजे पृथ्वीचा घेर मोजणारा तोच, त्या जागी गेला. तिथल्या नावाड्यांनी त्याला सांगितलं, की पाण्याखाली काशाचा पोसायडन अजून उभा आहे, हातात समुद्रघोडा आहे, आणि कोळ्यांची जाळी त्याच्यात अडकतात.

देऊळ त्याचं, शहर त्याचं, बुडवणाराही तोच, आणि पाण्याखाली उभा राहून जाळी फाडणाराही तोच. 'समुद्राचा देव' या दोन शब्दांत हे मावत नाही. तुम्हाला काय वाटतं?

निळी_शाई

फार सुंदर लिहिलंय. हेडीसचा प्रसंग माहीत नव्हता. एक विचारायचंय: त्याचा घोड्यांशी संबंध कुठून आला? पंखांचा घोडा पेगासस त्याचाच मुलगा ना? समुद्र आणि घोडा यांचा मेळ मला कधी लागला नाही.

उंबरठा

पंचगंगाकाठ, लेख आवडला, पण तुमच्या वडिलांची बाजू घेतो.

वरुण म्हटलं की आज आपण पाण्याचा देव म्हणतो, नारळी पौर्णिमेला त्याचं नाव घेतो. ऋग्वेदातला वरुण एवढाच नाही. तो राजा आहे, ऋताचा राखणदार आहे, त्याचे हेर सगळीकडे फिरतात, त्याच्या हातात पाश आहे. सातव्या मंडलातला वसिष्ठ त्याला विनवतो, मला एवढ्यात मातीच्या घरात पाठवू नकोस. त्याच सूक्तात म्हणतो, पाण्यात मधोमध उभा असूनही तुझ्या भक्ताला तहान लागली आहे. पाण्याचं खातं त्याच्याकडे ठळकपणे आलं ते पुढे, पश्चिमेचा लोकपाल म्हणून.

तेव्हा दोन्हीकडे गोष्ट सारखीच घडली. मोठा, धाक असलेला देव पुढच्या पिढ्यांनी एका खात्यात बसवला. दोघांचे स्वभाव वेगळे आहेत, हे मान्य. वरुण नियमाचा देव, पोसायडन रागाचा. पण "ग्रीकांचा वरुण" हे त्या अर्थाने चुकीचं नाही.

पंचगंगाकाठ

उंबरठा, हे मला सुचलं नव्हतं. मनापासून आभार. मी वरुणाला आजच्या अर्थाने धरलं आणि पोसायडनला तीन हजार वर्षांपूर्वीच्या अर्थाने. तोलायचं तर दोन्ही पारडी एकाच काळातली हवीत. वडिलांना आज फोन करून सांगतो.

फरक मात्र राहतोच. वसिष्ठ वरुणाला विचारतो, माझं काय चुकलं? शिक्षा आहे, म्हणजे चूक असणार, असा त्याचा विश्वास. पोसायडनच्या गोष्टींत लोक चूक शोधतात ती बहुधा नंतर, घडून गेल्यावर. हेलिकीच्या बाबतीत मूर्तीचं कारण एक लेखक सांगतो, पॉसेनियस दुसरंच देतो: देवळात शरण आलेल्या माणसांना ओढून मारलं म्हणून. स्पार्टातही तसंच. इ.स.पू. ४६४ च्या सुमारास तिथे प्रचंड भूकंप झाला आणि स्पार्टन लोकच म्हणू लागले, टेनारॉनच्या पोसायडनच्या देवळात आसऱ्याला आलेल्या हेलॉट गुलामांना आपण बाहेर काढून मारलं, त्याचं हे फळ. इतिहासकार थ्युसिडिडीसने नोंदवलंय. मालक लोक गुलामांच्या बाबतीतली आपली चूक एरवी कबूल करत नाहीत. जमीन हलली, तेव्हा केली.

तांबडी_माती

माझा विषय भूगर्भ, म्हणून थोडं त्या बाजूने.

कोरिंथचं आखात म्हणजे जमिनीतली उघडत जाणारी फट आहे. दोन काठ दर वर्षी दहा ते पंधरा मिलिमीटरने एकमेकांपासून लांब जातात. वर्षाला बोटभर जाडीही नाही, पण खंडांच्या हिशेबात हा वेग फार मोठा. हेलिकी त्या फटीच्या दक्षिण काठावर, डोंगरातून येणाऱ्या नद्यांनी आणून टाकलेल्या गाळावर वसलेलं होतं. असा भिजलेला गाळ जोराच्या धक्क्यात घट्टपणा सोडून पातळ होतो, आणि वरचं सगळं खाली बसतं.

शहर शोधायला माणसं वर्षानुवर्षं समुद्रात बघत राहिली. जुन्या लेखकांनी ते 'पोरोस'मध्ये गेलं असं म्हटलंय, आणि सगळ्यांनी त्याचा अर्थ आखाताचं पाणी असा घेतला. डोरा कात्सोनोपुलू या ग्रीक पुरातत्त्वज्ञ बाईंनी वेगळा अर्थ लावला: पोरोस म्हणजे किनाऱ्याच्या आतलं खाजण. मग त्यांनी आणि स्टीव्हन सोटर यांनी किनाऱ्यालगतच्या सपाट शेतजमिनीत विंधनं घेतली. २००१ मध्ये शेताखाली, खाजणाच्या गाळाच्या थराखाली, त्या काळच्या इमारतींचे अवशेष मिळाले. समुद्राने गिळलेलं शहर आज जमिनीखाली आहे, वर द्राक्षं-संत्र्यांचे मळे. नद्यांनी खाजण भरून टाकलं.

घोडा आणि पाणी यांचा मेळही ग्रीसच्या खडकात सापडतो असं मला वाटतं, पण ते तुम्हीच लिहा.

गोदातीर_नांदेड

धागा दुपारीच वाचला होता, उत्तर लिहायला रात्र झाली.

आमचं आजोळ किल्लारीपासून पंधरा-सोळा किलोमीटरवर. ३० सप्टेंबर १९९३ ला मी बारा वर्षांचा होतो. आदल्या दिवशीचं गणपती विसर्जन करून सगळे दमून झोपले होते. पहाटे चारच्या आत-बाहेर जाग आली ती आवाजाने. धक्का नंतर जाणवला. आधी आवाज, जमिनीखालून, जनावर ओरडावं तसा. आमच्या वाड्याची एक भिंत पडली, माणसं वाचली. किल्लारीकडची दगड-मातीची जाड भिंतींची घरं मात्र झोपलेल्या माणसांवर बसली. जवळपास दहा हजार माणसं गेली.

आजी त्यानंतर कित्येक महिने अंगणातच झोपायची. तिला कुणी विचारलं तर म्हणायची, "भुई उलटली की कुणाला हाक मारायची?" आकाश कोपलं तर घरात जाता येतं, नदी कोपली तर उंचावर जाता येतं. भुईपासून लांब कुठे जाणार?

तुम्ही लिहिलेलं 'जमीन धरून ठेवणारा' हे नाव मला त्यामुळे फार लागलं. हलवणारा आणि धरून ठेवणारा एकच. ज्यांनी हे नाव दिलं त्यांनी तशी रात्र बघितली असणार.

पंचगंगाकाठ

गोदातीर, तुम्ही हे लिहिलंत याबद्दल काय बोलू. आजींचा प्रश्न ग्रीकांचाही होता. पोसायडनचं आणखी एक नाव आहे, आस्फालिओस: घट्ट ठेवणारा, पाय टिकू देणारा. भूकंपात त्याची करुणा भाकताना हे नाव घेत.

झेनोफोन हा ग्रीक इतिहासकार एक प्रसंग सांगतो. इ.स.पू. ३८८ च्या सुमारास स्पार्टाचा राजा आगेसिपोलिस आर्गोसवर फौज घेऊन गेला. पहिल्याच संध्याकाळी, जेवणं होताहेत तोवर, जमीन हलली. राजाच्या तंबूतून कुणीतरी पोसायडनचं स्तोत्र सुरू केलं आणि सगळ्या छावणीने ते म्हटलं. हजारो हत्यारबंद माणसं, पायाखाली थरथर, आणि सगळे मिळून गाताहेत. मला वाटतं ग्रीक देवांबद्दल वाचताना आपण गोष्टी फार वाचतो, आणि माणसं त्या देवांना हाक कशी मारत होती हे फार कमी वाचतो.

तुम्ही आवाजाचं लिहिलंत, 'जनावर ओरडावं तसा'. इलियडच्या विसाव्या सर्गात एक मरणारा योद्धा हंबरतो, तेव्हा होमर उपमा देतो: हेलिकीच्या देवापुढे तरुण पोरं ओढत नेतात त्या बैलासारखा, आणि जमीन हलवणारा ते ऐकून खूश होतो. पोसायडनला बैल का, याचं उत्तर कदाचित त्या आवाजात असेल. क्रीटच्या मिनोसला समुद्रातून पांढरा बैल पाठवणारा पोसायडनच, ज्याच्यापासून पुढे बैलाच्या डोक्याचा मिनोटॉर झाला. थीसियसच्या शापाने त्याच्याच मुलाचा, हिपोलिटसचा, रथ उधळवतो तोही समुद्रातून आलेला बैल, आणि युरिपिडीसच्या नाटकात तो येण्याआधी जमिनीखालून गडगडाट ऐकू येतो. बैलाच्या आधी आवाज. तुमचं वाचेपर्यंत ती ओळ मला नुसती सजावट वाटत होती.

अंजनवेल

मी कामानिमित्त काही वर्षं अथेन्समध्ये होते. तिथल्या पुरातत्त्व संग्रहालयात आर्टेमिसिऑनच्या समुद्रातून १९२०च्या दशकात काढलेला काशाचा पुतळा आहे. माणसापेक्षा मोठा, दोन मीटरच्या वर, हात फेकीच्या पवित्र्यात. हातातलं हत्यार गेलंय. वज्र असेल तर तो झ्यूस, त्रिशूळ असेल तर पोसायडन, आणि हा वाद अजून चालू आहे. मी दर महिन्याला जाऊन बघायचे. हत्यार काढून घेतल्यावर दोघं भाऊ ओळखू येत नाहीत, हे मला फार खरं वाटतं.

ॲक्रोपोलिसवर एरेख्थिऑन आहे. अथेन्स कुणाचं, यावर अथीना आणि पोसायडन यांची चढाओढ झाली तीच ही जागा. त्याने त्रिशूळ खडकावर मारला, खारं पाणी वर आलं. तिने ऑलिव्हचं झाड लावलं. ती जिंकली. पॉसेनियस दुसऱ्या शतकात तिथे गेला तेव्हा देवळाच्या आत खाऱ्या पाण्याची विहीर होती, आणि दक्षिणेचा वारा सुटला की तिच्यातून लाटांचा आवाज येतो, असं त्याने लिहून ठेवलंय. हरलेल्या देवाला अथेन्सकरांनी घालवलं नाही. जिंकलेलीच्या शेजारी, एकाच छपराखाली ठेवलं. रागीट दीराला वेगळं काढण्यापेक्षा घरात ठेवलेलं बरं, असा मोठ्या घरातल्या बायकांचा शहाणपणा मला त्यात दिसतो.

सुनिऑनला मात्र तो पूर्ण समुद्राचाच आहे हं, पंचगंगाकाठ. कड्याच्या टोकावर पांढरे खांब, तिन्ही बाजूंनी पाणी. जहाजाने अथेन्सकडे परतणाऱ्याला आधी तेच दिसायचं. तिथे संध्याकाळी उभं राहिलं की 'समुद्राचा देव' हे शब्द अजिबात अपुरे वाटत नाहीत. तुमचा मुद्दा पटतो, पण समुद्र इतकाही कमी करू नका.

पंचगंगाकाठ

अंजनवेल ताई, मान्य. धाग्याचं शीर्षक 'की' ऐवजी 'आणि' असं हवं होतं.

निळी_शाई, घोड्यांचं आता सांगतो, उशीर झाला.

पोसायडन हिप्पिओस, म्हणजे घोड्यांचा पोसायडन, हे त्याचं ग्रीसभर पूजलेलं रूप. इलियडच्या तेविसाव्या सर्गात रथांची शर्यत होते. अँटिलोकस नावाचा पोरगा अरुंद वाटेवर रथ घुसवून मेनेलाउसच्या पुढे जातो. मेनेलाउस त्याला सांगतो, घोड्यांना हात लाव आणि जमीन हलवणाऱ्याची शपथ घे, की मुद्दाम लबाडी केली नाही. समुद्र तिथे कुठेच नाही. घोडा आणि पोसायडन एवढंच पुरे आहे. पोरगा शपथ घेत नाही, बक्षिसाची घोडी देऊन टाकतो.

आर्केडिया हा दक्षिण ग्रीसचा मधला डोंगराळ मुलूख. तिथली कथा पॉसेनियस देतो. धान्याची देवी डीमीटर आपल्या हरवलेल्या मुलीला शोधत भटकत होती. पोसायडन मागे लागला. ती घोडी होऊन दुसऱ्या घोड्यांच्या कळपात चरायला लागली. तो घोडा होऊन आला. त्यातून एरियन नावाचा दिव्य घोडा झाला आणि एक मुलगी, जिचं नाव दीक्षा न घेतलेल्यांना सांगत नाहीत. डीमीटर संतापली, म्हणून तिचं एक नाव एरिनिस, आणि नदीत न्हाऊन ती शांत झाली म्हणून दुसरं नाव लूसिया. फिगालियाच्या गुहेत तिची घोड्याच्या डोक्याची मूर्ती होती.

आता आपली सरण्यू आठवा. विवस्वानाची बायको, आपल्यासारखीच दुसरी स्त्री मागे ठेवून घोडी होऊन निघून जाते, तो घोडा होऊन मागे जातो आणि अश्विनीकुमार जन्मतात. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलात त्याची त्रोटक खूण आहे, पुढे पुराणांत संज्ञा आणि छाया म्हणून तीच गोष्ट. एकोणिसाव्या शतकात काही पंडितांनी सरण्यू आणि एरिनिस ही नावंच एक आहेत असं मांडलं. आजचे भाषाशास्त्रज्ञ ते मानत नाहीत, आणि नुसत्या आवाजावरून नाती जोडू नयेत हे बरोबर आहे. पण गोष्टीची हाडं इतकी सारखी आहेत, की दोघींची आजी एक असावी असं मला वाटल्यावाचून राहत नाही.

निळी_शाई

अंगावर काटा आला. आणि डीमीटरची बाजू? ती लेकीला शोधतेय आणि तिच्यावर हे.

पंचगंगाकाठ

तीच बाजू त्या मूर्तीत होती. फिगालियाची डीमीटर काळी वस्त्रं नेसलेली होती. काही लेकीच्या दुःखाने, काही पोसायडनच्या रागाने, असं पॉसेनियस सांगतो. ती गुहेत लपली, धान्य पिकेना, माणसं मरायला लागली, तेव्हा कुठे देव हलले. अत्याचाराची गोष्ट म्हणूनच आर्केडियाच्या लोकांनी ती जपली, आणि त्या रागावलेल्या देवीलाच पूजलं. पोसायडनबद्दल माझ्या मनात ओढ आहे, पण हे झाकून ठेवायचं नाही.

तांबडी_माती

मी म्हणत होतो तो मेळ आता जुळतो. ग्रीसचा डोंगर बराचसा चुनखडीचा. पाणी वर टिकत नाही, भेगांतून खाली जातं, आत बोगद्यांतून वाहतं आणि कुठेतरी एकदम जोरात बाहेर फुटतं. आर्गोसच्या किनाऱ्याजवळ तर समुद्राच्या आत गोड्या पाण्याचा झरा उसळतो. त्याला दिनी म्हणत, आणि पूर्वी आर्गोसचे लोक लगाम घातलेले घोडे त्यात पोसायडनला सोडत. भूकंप झाला की असे झरे आटतात, नवे फुटतात. म्हणजे खाली काहीतरी धावतंय, मध्येच उसळतंय, टापा आपटतंय. पेगाससने टाप मारली आणि हेलिकॉनवर झरा फुटला, त्याचं नावच हिप्पोक्रीनी, घोड्याचा झरा.

आणि हिरोडोटसचं एक वाक्य मला माझ्या विषयाचं पहिलं वाक्य वाटतं. थेसलीत टेम्पीची खिंड आहे. तिथले लोक म्हणत, ही पोसायडनने केली. हिरोडोटस म्हणतो, भूकंप पोसायडन करतो असं मानणाऱ्याला ते बरोबरच वाटेल. मला ही खिंड भूकंपाने झालेली दिसते. देवाला बाजूला न सारता त्याने भेग डोळ्यांनी बघितली.

उंबरठा

आणि तोच हिरोडोटस पोटिडियाच्या वेळी उलट बोलतो. इ.स.पू. ४७९. पर्शियन फौज शहराला वेढा देऊन बसलेली. समुद्र एकाएकी मागे हटला, उघड्या पडलेल्या तळावरून फौज चालायला लागली. अर्ध्या वाटेत पाणी परत आलं, कधी नव्हे एवढं उंच. पोटिडियाचे लोक म्हणाले, यांनी पोसायडनच्या देवळाची विटंबना केली होती. हिरोडोटस लिहितो, मला त्यांचं म्हणणं योग्य वाटतं. ही आज आपल्याला त्सुनामीची जुनी नोंद म्हणून माहीत आहे. एकाच माणसाच्या मनात दोन्ही होतं आणि त्याला त्यात अडचण वाटली नाही.

सागरगोटा

मी रत्नागिरीचा, घरचे सगळे मच्छीमार. पोसायडन मला ओडिसीतून माहीत आहे. त्याच्या एकडोळ्या मुलाला, पॉलिफीमसला, ओडिसियस आंधळा करतो. तिथवर बचाव होता. पण निसटून होडीत बसल्यावर तो ओरडून स्वतःचं नाव, बापाचं नाव, गाव सांगतो. नाव कळलं म्हणून शाप लागला. आमच्याकडे म्हातारी माणसं सांगतात, समुद्रावर बढाई मारू नये.

मला शेवटची गोष्ट जास्त आवडते. पाताळात टायरेसियस हा मेलेला द्रष्टा ओडिसियसला सांगतो: घरी पोचलास तरी संपलं नाही. एक वल्हं खांद्यावर घे आणि आत आत चालत जा, जिथे माणसांना समुद्र माहीत नाही, जेवणात मीठ नाही. कुणी वाटसरू विचारेल, खांद्यावर हे धान्य उफणायचं फावडं कसलं? तिथे ते वल्हं जमिनीत रोव आणि पोसायडनला मेंढा, बैल, डुक्कर दे. मग सुटलास.

पंचगंगाकाठ, तुमची कोल्हापूरची मूर्ती मला त्या वल्ह्यासारखी वाटते. समुद्रापासून लांब नेऊन ठेवलेली.

पंचगंगाकाठ

सागरगोटा, हे वाचून मी संध्याकाळी वडिलांना पुन्हा फोन केला. धागा आधी वाचून दाखवला होताच. वल्ह्याची गोष्ट सांगितली.

ते म्हणाले, कोल्हापूर त्या परीक्षेत बसत नाही. रत्नागिरीहून इथवर रस्त्याने सव्वाशे किलोमीटरच्या वर अंतर, मध्ये सगळा सह्याद्री, पण मीठ घाट चढून येतच होतं. त्यांच्या लहानपणी त्यांचे आजोबा सांगायचे, बैलांच्या पाठीवर मिठाच्या गोण्या घालून तांडे वर यायचे आणि जाताना धान्य घेऊन उतरायचे. "इथल्या माणसाने वल्हं बघितलं नसेल, पण समुद्र रोज ताटात होता. मूर्ती आणणारा बहुतेक मिठाच्याच वाटेने आला असेल."

पुढच्या महिन्यात त्यांना घेऊन म्युझियमला जाणार आहे. गोदातीर, तुम्ही कोल्हापूरकडे आलात तर जरूर कळवा, सोबत जाऊ.